अनुबोधपटांचे निवेदन आणि वऱ्हाडचा कापूस

१९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे अनुबोधपट मुख्य चित्रपटाआधी दाखविणे चित्रपटगृहांना दीर्घकाळ बंधनकारक होते. धरणे, पोलादाच्या भट्ट्या, सूतगिरण्या अमरावती-अकोल्याच्या प्रेक्षकांनी बहुधा पडद्यावरच प्रथम पाहिल्या. राष्ट्राच्या औद्योगिक विकासाचे हे निवेदन मराठीतूनही ऐकविले जाई. स्वातंत्र्योत्तर मराठी गद्याचा तो एक प्रकारच होय; मराठी विभागांनी मात्र त्याची गणना साहित्याच्या बाहेर केली, हे योग्य झाले नाही.

शासकीय मराठीच्या वळणाने जाणाऱ्या निवेदनात कारखाना 'उभारला जातो', कापूस 'पुरविला जातो'. उभारणारा आणि वेचणारी दोघेही वाक्यातून गळतात. खरा प्रश्न 'कच्चा माल' या शब्दाचा आहे. वऱ्हाडी बोलीत पऱ्हाटी, रुई, सरकी, गठाण, उलंगवाडी असे शब्द आहेत. त्यांतील प्रत्येकामागे श्रमाचा एकेक टप्पा आहे. 'कच्चा माल' म्हटले की हे सर्व टप्पे पुसले जातात आणि उद्योगाचा आरंभ गिरणीच्या दारापासून होतो.

ही दृष्टी स्वातंत्र्यानंतरची नव्हे. १८५३ मध्ये वऱ्हाड इंग्रजी अंमलाखाली आले, तेव्हापासून हा प्रांत इतरत्रच्या चात्यांसाठी कापूस पिकविणारा ठरला. यवतमाळ-मूर्तिजापूर-अचलपूर ही 'शकुंतला' गाडीची अरुंद वाट कापूस बाहेर नेण्यासाठीच घातली गेली. निवेदकाने राज्यकर्ते बदलल्याचे सांगितले, नाम तेच ठेवले. अचलपूरला उभी राहिलेली फिनले मिलही २०२० च्या टाळेबंदीत थांबली.

सुखदेव यांनी 'इंडिया ६७' मध्ये निवेदनच वगळले, हा त्यावरचा उपाय मानला जातो. तो अर्धाच आहे. निवेदक गप्प बसला म्हणून वेचणारीला वाणी लाभत नाही. आनंद पटवर्धन यांच्या 'ऑक्युपेशन : मिल वर्कर' (१९९६) या लघुपटात मुंबईचा गिरणी कामगार स्वतः बोलतो, तेथे वाक्याला कर्ता परत मिळतो. वऱ्हाडातील जिनमधल्या मजुराला, विशेषतः बाईला, तो अद्याप पुरेसा मिळालेला नाही.

फिल्म्स डिव्हिजन २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. तिच्या मराठी संहिता व ध्वनिमुद्रणे मिळवून त्यांतील नामे आणि प्रयोग तपासणे एम. ए.च्या प्रबंधिकेला सहज पेलणारे आहे. त्यासाठी चित्रपटशास्त्राची पदवी लागत नाही. मराठी व्याकरण आणि वऱ्हाडीचा कान पुरे.