कोणती नस?

इंग्रजी कागद वाचून दाखवणे हे खेड्यातल्या बँक अधिकाऱ्याचे एक न नेमलेले काम असे. कर्जाच्या कागदांबरोबर कोर्टाचे समन्स, विम्याची पत्रे, मुलाच्या नोकरीचा कॉल, दवाखान्याचे कार्ड असे काहीही टेबलावर येई. 'सायेब, एवढं बघा बरं काय म्हणतंय' असे म्हणत माणूस समोर उभा राही आणि आपण सर्वज्ञ असल्याच्या थाटात आम्ही ते वाचत असू. १९९३ साली नगर जिल्ह्यातल्या एका गावच्या शाखेत असताना मी असेच एक कार्ड वाचले. शब्दाचा अर्थ मी बरोबर सांगितला होता. तरीही एका माणसाचा हात अधू झाला आणि त्यात माझा वाटा आहे, असे मला आज तीस वर्षांनंतरही वाटते.

तो चार-पाच एकरांचा शेतकरी. बेण्याचा ऊस तोडताना उजव्या हातातला कोयता निसटून डाव्या मनगटावर बसला होता. सरकारी दवाखान्यात टाके पडले होते. पीककर्जाच्या कामाला आला तेव्हा हाताला पट्टी होती आणि खिशात कार्ड. त्यावर शेवटी लिहिले होते की, मीडियन नर्व्हला इजा झाल्याची शंका आहे, न्यूरोऱ्हाफीसाठी मोठ्या रुग्णालयात पाठवावे. 'न्यूरो' म्हणजे नस, एवढे मला ठाऊक होते. पुढचा तुकडा शेजारच्या मेडिकल दुकानदाराला विचारला. तो म्हणाला, शिवणे. मी त्या शेतकऱ्याला सांगितले, 'नस शिवून घ्यायला मोठ्या दवाखान्यात जा म्हणतात.'

तो हसला. पट्टी थोडी सरकवून टाके दाखवत म्हणाला, 'शिवली की सायेब! सात टाकं हायेत. रगत बी थांबलंय. आता परत काय शिवायचं?'

मलाही ते पटले. रक्त थांबले म्हणजे नस शिवली गेली. कार्ड घडी करून त्याने खिशात ठेवले आणि मी त्याचे प्रकरण पुढे सरकवले.

पुढे चौदा-पंधरा महिन्यांनी तो कर्ज नवे-जुने करायला आला. त्याला सही येत नव्हती. बँकेत पुरुषाचा डाव्या हाताचा अंगठा घेण्याची पद्धत. शाईचा पॅड पुढे केला, पण त्याचा अंगठा तळहातासमोर येईना. इतर बोटांच्या रांगेत माकडाच्या अंगठ्यासारखा पडून राहिला. मी तो हातात धरला तेव्हा अंगठ्याच्या मुळाशी असलेला मांसल उंचवटा बसून गेलेला दिसला. पहिल्या बोटावर भाजल्याचा काळा डाग होता. 'हे कधी भाजलं?' विचारले, तर म्हणाला, 'बिडीनं भाजलं असंल. कळालंच न्हाई.'

तेव्हा मला कळले की, ते कार्ड आम्हा दोघांनाही समजले नव्हते.

आपल्या मराठीत 'नस' हा शब्द किती कामे करतो पाहा. 'हाताची नस कापून घेतली' म्हणतो तेव्हा ती रक्तवाहिनी असते. 'मानेची नस दबली' म्हणतो तेव्हा ती मेंदूचे निरोप ने-आण करणारी दोरी असते, जिला डॉक्टर नर्व्ह म्हणतात. रात्री पोटरीत 'नसेवर नस चढते' तेव्हा तो स्नायूचा गोळा असतो. मनगट वळवल्यावर कातडीखाली ताठ उठून दिसणाऱ्या दोऱ्यांनाही आपण नसाच म्हणतो. त्या असतात स्नायूला हाडाशी बांधणाऱ्या कंडरा. 'शीर' या शब्दाचीही हीच गत. एकाच मनगटात या साऱ्या वस्तू बोटभर जागेत शेजारी-शेजारी असतात आणि कोयत्याचा एक घाव त्या साऱ्या कापू शकतो. रक्तवाहिनी तुटली तर रक्त उडते आणि माणूस धावत सुटतो. कंडरा तुटली तर बोट वाकत नाही, तेही दिसते. नर्व्ह तुटली तर मात्र फारसे काही दिसत नाही. बोट बधिर होते. आणि बधिरपणा दुखत नाही!

हा गोंधळ केवळ आपल्या भाषेचा नाही. ग्रीक भाषेत 'न्यूरॉन' या शब्दाचा मूळ अर्थ कंडरा, धनुष्याची दोरी असा होता. लॅटिनमधला 'नर्व्हस'ही तसाच. ख्रिस्तपूर्व तिसऱ्या शतकात अलेक्झांड्रियातल्या हेरोफिलस आणि एरासिस्ट्रॅटस या वैद्यांनी शरीरे उघडून पाहिली आणि निरोप नेणाऱ्या दोऱ्या वेगळ्या काढल्या. पण नाव जुनेच राहिले. आपल्याकडे सुश्रुतसंहितेत सातशे सिरा आणि नऊशे स्नायू मोजले आहेत. तिथला 'स्नायू' म्हणजे बांधून ठेवणारा दोर. मराठीत त्याच शब्दाचा अर्थ मांसाचा पिळा झाला, तर बंगालीत तोच शब्द नर्व्हसाठी रूढ झाला.

'न्यूरोऱ्हाफी'तला दुसरा भाग 'ऱ्हाफे' म्हणजे शिवण. गाणी एकाला एक शिवून म्हणणाऱ्या ग्रीक गायकांचे 'रॅप्सोड' हे नावही त्याच कुळातले. आपल्या 'रफू'शी त्याचा ध्वनी जुळतो. नाते मात्र नाही. रफू आपल्याकडे फारसीतून आला. पण काम समजायला तोच शब्द बरा. कातडीचे टाके ही गोधडीची शिवण असेल, तर न्यूरोऱ्हाफी हे पैठणीचे रफू आहे. तुटलेल्या नर्व्हची दोन टोके शोधून, साफ करून, समोरासमोर आणून, केसाहून बारीक दोऱ्याने तिचे आवरण सांधायचे. टोके एकमेकांपासून फार दूर गेली असतील तर ओढून शिवत नाहीत. पायातल्या एका कमी गरजेच्या नर्व्हचा तुकडा काढून मध्ये जोडतात. तिला ग्राफ्ट म्हणतात. नर्व्ह तुटलेली नसून जखमेच्या व्रणात नुसती अडकली असेल तर तिला मोकळे करतात. त्याला न्यूरोलिसिस म्हणतात. डॉक्टरांच्या कागदावर हे तीन वेगळे शब्द असतात. घरी येईपर्यंत तिन्हींचे 'नसेचं ऑपरेशन' झालेले असते.

आता खरी मेख. शिवले म्हणजे जोडले गेले, असे इथे होत नाही. १८५० साली ऑगस्टस वॉलर या इंग्रज संशोधकाने बेडकाच्या जिभेच्या नर्व्हवर प्रयोग करून दाखवले की, तुटलेल्या जागेच्या पुढचा तंतूंचा भाग मरून जातो. उरते ती रिकामी नळी. शिवण घातल्यावर वरच्या टोकातून नवे कोंब फुटतात आणि त्या नळीतून पुढे सरकत जातात, दिवसाला साधारण एक मिलिमीटर. मनगटापासून बोटाच्या टोकापर्यंत वीतभर अंतर. म्हणजे सहा-सात महिन्यांची वाट. तोवर हात बधिरच असतो आणि रोग्याला वाटते, ऑपरेशन फुकट गेले. मग मुंग्या येऊ लागतात आणि तो घाबरतो. वास्तविक शिवणीच्या पुढे हळूहळू सरकत जाणाऱ्या मुंग्या ही शुभवार्ता असते. १९१५ साली फ्रान्समध्ये टिनेल आणि जर्मनीत हॉफमन या दोघांनी, त्यांचे देश एकमेकांशी लढत असताना, जखमी सैनिकांच्या हातापायांवर बोटाने टिचकी मारून ही खूण नोंदवली. नर्व्ह मुंगीच्या पावलाने वाढते, हे सांगायला मराठीइतकी सोयीची भाषा नाही. पण सांगतो कोण?

दुसरी बाजू कठोर आहे. स्नायू वाट पाहून थकतो. साधारण वर्ष-दीड वर्षात निरोप पोचला नाही, तर तो सुकतो आणि नंतर आलेल्या तंतूला ओळखत नाही. म्हणून स्वच्छ कापलेली नर्व्ह पहिल्या काही दिवसांत शिवणे सर्वांत चांगले. पंधरा महिन्यांनी, माझ्या त्या शेतकऱ्याला पुण्याच्या सर्जननी जे सांगितले ते हेच. अंगठ्याच्या मुळाचे स्नायू आता उठणार नाहीत. मग त्यांनी करंगळीशेजारच्या बोटाची एक कंडरा वळवून अंगठ्याला जोडली. हे तंत्र आपल्याकडे कुष्ठरुग्णांच्या हातांवर रुजले. वेलूरला डॉ. पॉल ब्रँड यांनी आणि आपल्याकडे पुण्याजवळच्या कोंढव्यात डॉ. नोशिर अंतिया यांनी, समाजाने टाकलेल्या माणसांचे हात अशा शस्त्रक्रियांनी कामाला लावले. अंगठा पुन्हा बोटांसमोर आला. स्पर्श मात्र परतला नाही.

नगर जिल्हा आता अहिल्यानगर झाला, पण हातांचे धोके तेच आहेत. उत्तरेला प्रवरेच्या पाण्यावर उसाचे मळे आणि सहकारी कारखाने. दक्षिणेला पाथर्डी, शेवगाव, जामखेडच्या कोरड्या गावांतून दसरा-दिवाळीनंतर निघणाऱ्या तोडकऱ्यांच्या टोळ्या. या धंद्यात नवरा-बायकोच्या जोडीला 'एक कोयता' म्हणून मोजतात. हत्यारावरूनच माणसाचे नाव पडले आहे! डाव्या मुठीत ऊस धरायचा आणि उजव्याने घाव घालायचा. चुकलेला घाव डाव्या हातावर येतो. शिवाय घरोघरी कडबाकुट्टी आहे आणि संक्रांतीला बंदी मोडून विकला जाणारा नायलॉनचा मांजा आहे. टोळीतल्या बाईचे बोट कापले तर मुकादम जवळच्या दवाखान्यात टाके घालून आणतो आणि चौथ्या दिवशी ती फडात असते. रक्त थांबले, म्हणजे झाले.

यावर उपाय म्हणून एखादा जड संस्कृत शब्द घडवावा, असे मी म्हणत नाही. 'चेतासीवन' लिहिलेले कार्डही मला त्या दिवशी कळले नसते. गंमत अशी की, नर्व्हला 'चेता' हा चांगला, सुटसुटीत शब्द आपल्या शालेय पुस्तकांत आहे. चेतापेशी, चेतासंस्था आमची नातवंडे पाठ करतात. पण तो दप्तरातून दवाखान्यापर्यंत आलेला नाही. वर्तमानपत्रांतला 'मज्जातंतू' बहुतेकांना वेड लागण्याशी संबंधित वाटतो. तेव्हा लोकांच्या तोंडी असलेला 'नस' हाच शब्द घ्यावा, फक्त त्याला एक विशेषण जोडावे. रक्ताची नस, ओढणारी नस, जाणिवेची नस. शास्त्रीय काटेकोरपणा यात नसेल, पण 'जाणिवेची नस तुटली आहे, ती अजून शिवलेली नाही' हे वाक्य कार्डावर मराठीत असते, तर तो शेतकरी हसला नसता.

डॉक्टरांना वेळ नसतो, हे मला मान्य आहे. सरकारी दवाखान्यातल्या त्या तरुण डॉक्टरने आपले काम चोख केले होते. शंका ओळखली, लिहिली, पुढे पाठवले. तरी चार ओळी मराठीत लिहायला दोन मिनिटे लागतात. काय तुटले, काय शिवले, काय शिवायचे राहिले आणि किती दिवसांत जायचे. कर्जाच्या कागदावर कर्जदाराला समजेल अशा भाषेत अटी समजावून दिल्या, अशी नोंद आम्हाला करावी लागे. ती पुष्कळदा नुसतीच नोंद असे, हेही कबूल करतो. पण शेत गहाण ठेवताना जे आवश्यक मानले, ते हात धोक्यात असताना नको का?

आणि आपणही विचारायला शिकले पाहिजे. मनगटाला, तळव्याला, बोटाला खोल कापले तर भूल देण्यापूर्वी डोळे मिटून एकेका बोटाच्या टोकाला हलका स्पर्श करून घ्यावा. एखादे बोट 'आपले वाटत नाही' असे झाले, तर रक्त थांबले म्हणून समाधान मानू नये. डॉक्टरांना सरळ विचारावे, 'कोणती नस?'

निवृत्तीनंतर एकदा त्या गावी गेलो होतो. तो गोठ्यात धार काढत होता. दोन्ही हात चालत होते. पण डाव्या हातावरची नजर तो हलवत नव्हता. मी म्हटले, 'काका, जमतंय की!' तो म्हणाला, 'बघितलं तर जमतंय, सायेब. बघायचं सोडलं की सड सुटतो.' मग त्याने मला चहा दिला. कप त्याने उजव्या हातानेच आणला.