जोड लागू नये म्हणून

गाड्यांचं वेड एकदा लागलं की जन्मभर सुटत नाही. कॅलिफोर्नियात जॉर्ज बॅरिस यांनी थोरले भाऊ सॅम यांच्यासोबत मर्क्युरी गाड्यांना नवं रूप दिलं. छताचे खांब काही इंच कापायचे, छत खाली बसवायचं, सांध्यांवर तापवून मऊ केलेलं शिसं लाकडी पट्टीनं पसरायचं आणि कानस मारत राहायचं. तळहात फिरवला तरी जोड लागता कामा नये! १९५५च्या लिंकन फ्युचुरापासून १९६६च्या दूरचित्रवाणी मालिकेसाठी बॅटमोबिल घडवली तीही बॅरिस यांनीच. २०१५ साली, वयाच्या ८९व्या वर्षी ते गेले. भंगारात निघालेल्या पत्र्यातही ज्यांना गाडी दिसते, अशा सर्वांना हा अंक मनापासून अर्पण.

– संपादक