माणसाला ‘घूल’ म्हणण्याआधी

माझा भाचा इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे. त्याच्या तोंडी सध्या एक शब्द सारखा येतो, ‘घूल’. टीव्हीवर ओरडणारा अँकर घूल, घरभाडं वाढवणारा मालक घूल, युद्धाच्या बातमीखाली हसण्याचे इमोजी टाकणारे सगळे घूल. इंग्रजी इंटरनेटवर वावरणाऱ्या त्याच्या वयाच्या मुलांमध्ये हा शब्द चांगलाच रुळलाय.

त्याच्याकडून तो मी पहिल्यांदा ऐकला 2021 च्या एप्रिलमध्ये. कोरोनाची दुसरी लाट होती. नात्यातल्या एका म्हाताऱ्या बाईंचं इस्पितळात निधन झालं. मय्यत कब्रस्तानात न्यायला अँब्युलन्सवाल्याने नेहमीच्या कितीतरी पट पैसे मागितले, आणि ते द्यावे लागले. भाच्याने फॅमिली ग्रुपवर त्या ड्रायव्हरबद्दल एकच शब्द लिहिला, घूल. अर्थ विचारला तर म्हणाला, ‘‘मामू, मुडदे खाणारा सैतान. दुसरा शब्दच नाही त्याच्यासाठी.’’

राग मलाही आला होता, त्यामुळे तेव्हा काही बोललो नाही. पण शब्द डोक्यात राहिला. कारण तो आला इंग्रजीतून असला, तरी मूळचा अरबी आहे. अरबी दास्तानं आणि हदीसमधला ‘ग़ूल’ तो हाच. फरक एवढाच, की आपल्याकडून गेला तेव्हा तो मुडदे खात नव्हता.

अरबीत ग़ैन-वाव-लाम या धातूचा अर्थ अचानक झडप घालून नष्ट करणं. राजकीय हत्येला आजही अरबी वर्तमानपत्रं ‘इग़्तियाल’ म्हणतात, तोही याच धातूतून आला. इस्लामपूर्व अरबांच्या समजुतीप्रमाणे ग़ूल वाळवंटात राहायचा. एकट्या मुसाफिराला रूप बदलून भुलवायचा, वाट चुकवायचा आणि मग मारायचा. रूप कोणतंही घेतलं तरी पाय मात्र गाढवाचेच राहायचे, म्हणजे ओळखायची खूण पायात. एका घावात मरायचा आणि दुसरा घाव घातला की पुन्हा जिवंत व्हायचा. तअब्बता शर्रन या इस्लामपूर्व कवीने आपण ग़ूलला मारल्याची फुशारकी कवितेत मारली आहे. उर्दूत वाट चुकवणाऱ्याला ‘ग़ूल-ए-बियाबानी’ म्हणतात, ते याच समजुतीवरून. या ग़ूलचा मुक्काम वाळवंटात होता, कब्रस्तानाशी त्याचा संबंध नव्हता.

इस्लाम आला आणि या समजुतीला धक्का बसला. सहीह मुस्लिममध्ये हजरत जाबिर यांच्याकडून आलेली हदीस आहे. तिच्यात पैगंबरांनी अपशकुनासारख्या जुन्या समजुतींसोबत ग़ूलही नाकारला आहे. उलेमांमध्ये तिच्या अर्थावर दोन मतं झाली. काहींच्या मते ग़ूल नावाचं काही नाहीच. काहींच्या मते जिन असतील, पण रूप बदलून माणसाची वाट चुकवण्याची ताकद त्यांच्यात नाही. दोन्ही मतांचा व्यवहारातला अर्थ सारखाच आहे. वाट चुकलास तर खापर ग़ूलवर फोडू नकोस.

नवव्या शतकात बसऱ्याच्या अल-जाहिजने ‘किताबुल हयवान’मध्ये या विषयाची चर्चा केली. माणूस ओसाड जागी फार काळ एकटा राहिला की त्याचं मन बिथरतं, त्याला नसलेलं दिसू आणि ऐकू येतं, मग तो त्याच्या कविता करतो आणि पुढच्या पिढ्या त्यावर वाढतात, असं स्पष्टीकरण त्याने नोंदवलं आहे. आपल्याकडे मुसलमान म्हटलं की जिन-भूत-तावीज एवढंच डोळ्यांसमोर येणाऱ्यांनी हे जरूर लक्षात घ्यावं. आणि तावीजांची दुकानं चालवणाऱ्या आपल्यातल्या लोकांनीही.

मग मुडदे खाणारा घूल आला कुठून? पॅरिसमधून. आंत्वान गालां या फ्रेंच विद्वानाने 1704 ते 1717 या काळात ‘अलिफ लैला’चं फ्रेंच भाषांतर छापलं. त्यातल्या बऱ्याच गोष्टी त्याला अरबी हस्तलिखितात मिळालेल्या नव्हत्या. 1709 मध्ये हलबहून पॅरिसला आलेल्या हन्ना दियाब या ख्रिस्ती तरुणाने त्या त्याला तोंडी सांगितल्या. सिदी नुमानची गोष्ट त्यातलीच. नुमानची नवी बायको अमीना जेवताना कान कोरण्याच्या काडीने भाताचं एकेक शीत खाते. नवऱ्याला संशय येतो. रात्री तो तिच्या मागे जातो, तर ती कब्रस्तानात एका ग़ूलसोबत ताजं प्रेत उकरून खात बसलेली. या गोष्टीचं जुनं अरबी हस्तलिखित सापडलेलं नाही. कबरी उकरणं हे लक्षण गालांनेच ग़ूलला जोडलं, असं काही अभ्यासक मानतात.

युरोपला हा घूल फार आवडला. विल्यम बेकफर्डच्या ‘वाथेक’ या कादंबरीच्या 1786 च्या इंग्रजी आवृत्तीतून हा शब्द इंग्रजीत शिरला. पुढे भयकथा, सिनेमे, कॉमिक्स आले. 1971 मध्ये बॅटमॅनच्या कॉमिकमध्ये ‘रास अल घूल’ नावाचा खलनायक अवतरला. हे नाव खरं तर एका ताऱ्याचं. अरब खगोलशास्त्रज्ञांनी ययाती तारकासमूहातल्या एका ताऱ्याला ‘रासुल ग़ूल’, ग़ूलचं डोकं, म्हटलं. इंग्रजीत त्याचंच अल्गोल झालं. साधारण दर 2 दिवस 21 तासांनी तो मंद होतो आणि पुन्हा उजळतो. त्याच्याभोवती फिरणारा दुसरा अंधुक तारा त्याच्या आड येतो, एवढंच त्यामागचं रहस्य.

आपल्या देशातही ‘घूल’ पोचला. 2018 मध्ये नेटफ्लिक्सवर याच नावाची तीन भागांची मालिका आली. राधिका आपटे यांनी त्यात निदा रहीम या अधिकाऱ्याची भूमिका केली. ती देशप्रेमापोटी स्वतःच्या वडिलांना सरकारच्या हवाली करते. मालिका छळछावण्यांच्या विरोधातच बोलते, तिच्या हेतूबद्दल माझी तक्रार नाही. पण लष्कराच्या ताब्यातला दाढीवाला कैदी आणि अरबी नावाचा राक्षस अशी जोडी पडद्यावर एकदा दिसली, की प्रेक्षकाच्या मनात काय उरतं हा प्रश्न आहेच.

पण माझा मुद्दा शब्दाच्या बदनामीचा नाही. शब्द देशोदेशी फिरतात आणि बदलतात. मराठीतले अरबी-फारसी शब्द काढायचे ठरवले तर ‘वकील’, ‘हक्क’ आणि ‘इनाम’ तिन्ही जातील. माझा मुद्दा आहे तो माणसाला राक्षस म्हटल्यावर पुढे काय होतं, याचा. आणि त्यासाठी याच शब्दाच्या इतिहासातलं एक उदाहरण सांगतो.

31 मे 1889. अमेरिकेतल्या पेनसिल्व्हानिया राज्यात जॉन्सटाउन नावाचं पोलादाच्या कारखान्यांचं गाव होतं. गावाच्या वरच्या अंगाला एक धरण होतं. ते एका मासेमारी आणि शिकार क्लबच्या मालकीचं होतं आणि अँड्र्यू कार्नेगी, हेन्री फ्रिक यांच्यासारखे धनाढ्य त्या क्लबचे सभासद होते. त्या दिवशी मुसळधार पावसात धरण फुटलं आणि 2,200 हून अधिक माणसं गेली. पाठोपाठ वार्ताहर आले आणि देशभरच्या वर्तमानपत्रांत ‘घूल’ झळकले. बातम्या अशा, की प्रेतांची बोटं कापून अंगठ्या चोरणारे लोक फिरताहेत, आणि ते ‘हंगेरियन’ आहेत. पूर्व युरोपातून मजुरीसाठी आलेल्या कोणालाही तिथे तेव्हा हंगेरियन म्हणत. भाषा वेगळी, गरीब, वस्तीही वेगळी. संतापलेल्या लोकांनी अशा घुलांना पकडून फासावर लटकवल्याच्याही बातम्या छापल्या गेल्या. नंतर या फाशीच्या बातम्या खोट्या निघाल्या. पण तोवर त्या मजुरांच्या वाट्याला दहशत आलीच होती.

आणि धरणाचं काय झालं? मालकांनी त्याची देखभाल नीट केली नव्हती, बांध खाली उतरवला होता, पाणी सोडण्याचे जुने नळ पुन्हा बसवले नव्हते. तरीही न्यायालयात क्लबला कोणी जबाबदार धरू शकलं नाही. घूल शोधण्याच्या नादात धरण मागे पडलं.

हे वाचताना मला 2020 ची आठवण येते. त्या मार्चमध्ये दिल्लीतल्या निजामुद्दीन मरकजची बातमी आली आणि आपल्या देशात कोरोनाला धर्म मिळाला. तेव्हा शब्द घूल नव्हता, ‘कोरोना जिहाद’ होता, ‘मानवी बॉम्ब’ होता. भाजीवाल्याला नाव विचारून गल्लीतून हाकललं गेलं. त्याच वर्षी 21 ऑगस्टला मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने 29 परदेशी तबलिगींवरचे गुन्हे रद्द केले. महामारी किंवा संकट आलं की सरकार बळीचा बकरा शोधतं आणि या लोकांना तसं निवडलं गेल्याची शक्यता दिसते, असं त्या निकालात म्हटलं गेलं. निकालाची बातमी किती जणांनी वाचली? आरोपाची मात्र सगळ्यांनी वाचली होती. इस्पितळात खाटा किती, ऑक्सिजन किती, हे विचारायचे दिवस आपण राक्षस शोधण्यात घालवले. एप्रिल 2021 मध्ये त्याची किंमत सगळ्या धर्मांच्या लोकांनी मोजली.

ज्यांना असं राक्षस ठरवलं गेलं, त्याच समाजातला मुलगा आज दुसऱ्याला घूल म्हणतोय. म्हणून मला बोलावंसं वाटतं.

भाचा यावर वाद घालतो. तो म्हणतो, ‘‘मामू, ते हंगेरियन गरीब होते. मी ताकदवान लोकांना घूल म्हणतो. लहान मुलांच्या मय्यतीचे फोटो बघून जे खिदळतात, त्यांना काय म्हणू?’’ त्याचा प्रश्न खोटा नाही. त्या फोटोंखालचं हसू मीही पाहिलंय आणि माझंही रक्त उसळलंय. पण माझं उत्तर असं आहे, की घूल म्हणण्याने तू त्यांना सोडून देतोस. राक्षसाचा तो स्वभावच असतो, त्याच्यावर खटला चालत नाही. माणसाला जाब विचारता येतो, कारण तो वेगळं वागू शकला असता. आणि दुसरी गोष्ट, आज बलवानाला लावलेला शब्द उद्या खाली घसरतो. तू अँकरपासून सुरुवात केलीस आणि घरमालकापर्यंत आलासच ना?

मराठीत आपल्याकडे याहून चांगली सोय आहे. ‘मेलेल्याच्या टाळूवरचं लोणी खाणारा’ असं आपण म्हणतो. घूलइतकीच जळजळीत शिवी आहे ही. पण तिच्यात खाणारा माणूसच आहे, आणि त्याने काय खाल्लं तेही सांगितलंय. त्या अँब्युलन्सवाल्याने टाळूवरचं लोणी खाल्लं, हे मी आजही म्हणेन. त्याच्यापुढे प्रश्नही विचारता येतात. मालक किती घेत होता? दर कोणी ठरवायचे होते आणि ते पाळले जातात की नाही हे कोणी बघायचं होतं? आम्ही तक्रार का केली नाही? घूल म्हटल्यावर यातला एकही प्रश्न कोणाला सुचला नाही. ग्रुपवर पंधरा-वीस रागावलेले चेहरे आले आणि विषय संपला.

शेवटी आपल्या किताबकडे येतो. सूरह हुजुरातच्या अकराव्या आयतमध्ये एकमेकांची टिंगल करायला आणि वाईट नावं ठेवायला मनाई आहे. त्याला लागूनच बारावी आयत आहे. संशय, दुसऱ्याचं खासगी उकरून काढणं आणि पाठीमागे बदनामी यांबद्दल ती बोलते आणि विचारते, की मेलेल्या भावाचं मांस खायला तुमच्यापैकी कोणाला आवडेल का? ही आयत मी लहानपणापासून ऐकत आलो. पण घूल या शब्दाच्या मागे लागलो तेव्हा तिचा रोख नव्याने कळला. मुडद्याचं मांस खाण्याची उपमा कुरआनने वाळवंटातल्या कुठल्या राक्षसाला दिलेली नाही. ती दिली आहे पाठीमागे दुसऱ्याची अब्रू काढणाऱ्याला, म्हणजे ग्रुपवर बसून फॉरवर्ड करणाऱ्या तुम्हा-आम्हाला.

ज्याला त्याला घूल म्हणत सुटणाऱ्याने म्हणून एकदा आपल्या पायांकडेही बघून घ्यावं. हे मी भाच्याला सांगितलं तेव्हा तो हसला, म्हणाला, ‘‘मामू, ज्यादा हो गया.’’ झालं असेल. पण त्यानंतर ग्रुपवर त्याने एका अँकरबद्दल लिहिलं, ते वाचून मला बरं वाटलं. त्यात अँकरचं नाव होतं, कार्यक्रमाची तारीख होती, तो काय खोटं बोलला ते होतं, आणि तक्रार कुठे करायची तेही होतं. घूल हा शब्द त्यात नव्हता.