छातीवरच्या भरतकामाने पाऊस अडत नाही

स्पष्टच लिहितो, कुणाला राग आला तरी चालेल.

जून लागला की आपल्या ट्रेक ग्रुपांवर एकच प्रश्न फिरतो, "जॅकेट कुठल्या कंपनीचं घेऊ?" कापड किती पाणी अडवतं, शिवणीला आतून टेप आहे का, हे कुणी विचारत नाही. छातीवर धाग्याने भरलेला लोगो असला की "ओरिजिनल वाटतंय", छापील असला की "लोकल".

अहो, भरतकामाचा भाव टाक्यांवर ठरतो. एकदा डिझाईनची फाइल तयार झाली की मशीन तोच लोगो हजार जॅकेटांवर जसाच्या तसा काढतं. काठमांडूच्या ठामेलमध्ये जाऊन बघा. नॉर्थ फेसचा तो हाफ डोम कड्याचा लोगो नकली जॅकेटावरही इतका सुबक असतो की बघत राहावं. (थंडीला त्यातली काही बरी असतात, हेही खरं.) म्हणजे ज्या खुणेवर आपण पैसे मोजतो, नेमकी तीच नक्कल करायला सगळ्यात सोपी!

आणि गंमत पुढेच आहे. सुई म्हणजे भोक. रेनजॅकेटच्या शिवणीला आतून टेप मारतात ती त्याचसाठी. लोगोचे शेकडो टाके घातले आणि मागून सील केलं नाही, तर पाणी बरोबर छातीवरच झिरपतं.

माझा खरा राग आहे तो आपल्याच काही आयोजकांवर. स्वतःच्या ग्रुपचा लोगो भरून घ्यायचा, "वॉटरप्रूफ" म्हणून कॉलेजच्या पोरांना जॅकेट विकायचं आणि किती मिलिमीटर विचारलं की गप्प बसायचं. जुलैत हरिश्चंद्रगडावर रात्री भिजलेल्या अंगाला वारा लागला की काय होतं, हे यांना माहीत नाही का? हायपोथर्मियाला बर्फच लागतो असं नाही. खोटी जाहिरात करून माल विकण्याविरुद्ध 2019 चा ग्राहक संरक्षण कायदा आहे. तो दुकानदाराला लागतो तसा यांनाही लागायला हवा.

सामानाच्या यादीत कंपनीचं नाव नको. वॉटर कॉलम किती आणि शिवणी टेप केलेल्या आहेत का, एवढं लिहा. घेणाऱ्यांनी जॅकेट उलटं करून लोगोची मागची बाजू बघा. घरी त्यावर पेलाभर पाणी ओता, पाच मिनिटं थांबा, आतून हात फिरवा.

कमेंटमध्ये ब्रँडची नावं नकोत. आतल्या शिवणीचे फोटो टाका.