आठात एक, चव्वेचाळिसात एक

मागच्या महिन्यात एका रविवारी इथे ईलिंगमध्येच एका मित्राकडे जेवायला गेलो होतो. मसालेभात, मठ्ठा, जिलबी असा व्यवस्थित बेत होता. जेवणं झाल्यावर मोठी मंडळी नेहमीच्या विषयांवर आली (घरांच्या किमती, मुलांच्या शाळा, परत जायचं की नाही) आणि मी हळूच मुलांच्या खोलीत सटकलो. तिथे मित्राचा बारा वर्षांचा मुलगा आणि त्याचा साउथॉलहून आलेला शाळेतला दोस्त 'स्ट्रीट फायटर ६' खेळत होते.

हा खेळ माहीत नसणाऱ्यांसाठी दोन शब्द. दोघांनी समोरासमोर उभं राहून मारामारी करायची, आणि सुरू करण्याआधी आपापला 'प्लेयर' निवडायचा. निवडायच्या पडद्यावर सगळ्यांचे चेहरे मांडलेले असतात. सगळी गंमत त्या पडद्यापाशी सुरू होते.

"काका, तुम्ही कोण घेणार?"

"यात आपला कोण आहे?" मी विचारलं.

त्याने एका चेहऱ्यावर खूण नेऊन ठेवली. लांब पांढरी दाढी, डोक्याला फेटा. धालसिम. "हा इंडियन आहे. पण याला कोणी घेत नाही. आजोबा आहे तो." असं म्हणून त्याने स्वतःसाठी कॅमी घेतली. कॅमी ब्रिटिश. "मी तर इथलाच ना," हेही वर सांगितलं.

मला वाईट वाटलं असं नाही. पण सवयीने मी चेहरे मोजायला लागलो, आणि घरी आल्यावर ही मोजणी जरा जास्तच लांबली.

'स्ट्रीट फायटर'चा पहिला खेळ १९८७ चा, जपानच्या कॅपकॉम कंपनीचा. त्यात निवडायला काही नव्हतंच. तुम्ही रयू, आणि दुसरा कुणी आला तर तो केन. प्रतिस्पर्धी १०. जपान, अमेरिका, चीन, इंग्लंड आणि थायलंड, प्रत्येकी दोन. १९९१ मध्ये 'स्ट्रीट फायटर २' आला आणि त्याने जग डोक्यावर घेतलं. त्यात निवडायला ८ जण होते. १९९२ च्या आवृत्तीत १२ झाले, १९९३ मध्ये १६. १९९७ ला तिसरा भाग काढताना कंपनीने जवळजवळ सगळी जुनी मंडळी घरी पाठवली. उरले फक्त रयू आणि केन. लोक नाराज झाले. १९९९ पर्यंत चुन-लीला परत बोलवावं लागलं आणि संख्या १९ वर गेली. चौथा भाग २०१४ पर्यंत ४४ वर पोचला. पाचवा २०१६ मध्ये १६ जणांना घेऊन निघाला आणि चाळिशी ओलांडूनच थांबला. सहावा २०२३ मध्ये १८ पासून सुरू झाला आणि त्यानंतर एकेक पाहुणा येतोच आहे.

वेड एकट्या याच मालिकेला नाही. 'मॉर्टल कॉम्बॅट' १९९२ मध्ये ७ जणांचा होता, २००६ मध्ये साठाच्या वर गेला. निन्टेन्डोचा 'सुपर स्मॅश ब्रदर्स' १९९९ मध्ये १२ चा होता. २०१८ च्या खेळात, नंतरची भर धरून, तो ८९ झाला! जाहिरातीत ही संख्या मोठ्या अक्षरांत असते. थाळीत किती पदार्थ आहेत ते हॉटेलवाला पाटीवर लिहितो तसं.

आता माझ्यातला इंजिनियर जरा बोलू दे. ८ प्लेयर असले की लढतीच्या जोड्या होतात २८. (पहिल्या आवृत्तीत दोघांनाही एकच प्लेयर घेता येत नसे, म्हणून बरोबर २८.) १६ झाले की १२०. ४४ झाले की ९४६, आणि ८९ असतील तर ३,९१६. माणसं अकरापट, जोड्या एकशेचाळीसपट. यातली प्रत्येक जोडी खेळून बघायची असते, कारण एका प्लेयरपुढे दुसरा अगदीच हतबल असेल तर खेळाला अर्थ उरत नाही. हे काम करणाऱ्यांचं मला मनापासून कौतुक आहे.

१९९१ ला तर अडचण त्याहून साधी होती. जागा. मशीनमधल्या चिपा महाग, आणि प्रत्येक हालचाल हाताने ठिपक्या-ठिपक्याने काढलेली. शिवाय प्रत्येकाचं स्वतःचं मैदान, स्वतःचं संगीत, स्वतःचा शेवट. तरीही त्या आठांतले रयू आणि केन हे जवळजवळ एकाच साच्यातले, एक पांढऱ्या कपड्यांत, एक लाल. 'मॉर्टल कॉम्बॅट'वाल्यांनी तर डॅनियल पेसिना या एकाच माणसाचं चित्रीकरण करून, निन्जाच्या कपड्यांचा रंग बदलत, तीन-चार पात्रं उभी केली. आपल्याला यात नवल वाटू नये. प्रभाकर पणशीकरांनी 'तो मी नव्हेच'मध्ये पाच भूमिका केल्या. आणि मी राहतो त्या ईलिंगच्या स्टुडिओने १९४९ मध्ये 'काइंड हार्ट्स अँड कॉरोनेट्स' काढला, त्यात अ‍ॅलेक गिनेस एकटा एका खानदानातले आठ जण झाला होता. नट तेवढा भारी असेल तर चालतं. नुसता रंग बदलला तर ती खोगीरभरती.

संख्या वाढली की खोगीरभरती होते हा आक्षेप जुनाच आहे, आणि बराचसा खराही. साठावर माणसं गोळा केलेल्या त्या २००६ च्या 'मॉर्टल कॉम्बॅट'मध्ये प्रत्येकाची शेवटचा घाव घालायची खास पद्धतच काढून टाकली होती. मालिकेची ओळखच ती होती, पण साठ जणांसाठी वेगळी कोण बनवणार? सगळ्यांना एकच सोय, आपापले तुकडे जोडून घ्या. २०११ ला त्यांनी माणसं कमी केली आणि ज्याची त्याची पद्धत ज्याला त्याला परत दिली.

माझे मित्र इथेच थांबतात. "आमच्या वेळी आठच होते, पण काय होते!" मीही वर्षानुवर्षं तेच म्हणत आलो. सांगलीत शाळेच्या मागच्या गल्लीत एक व्हिडिओ गेमचं दुकान होतं. रुपयाचं नाणं टाकायचं. कॅपकॉमचाच १९९३ चा 'कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स' तिथे होता, पण हे नाव कुणालाच माहीत नव्हतं. त्यात प्लेयर चारच, आणि पिवळी टोपी घातलेला मुस्तफा इतका लाडका, की खेळाचंच नाव 'मुस्तफा' पडलं. भारतभर पडलं म्हणे. चारांतला एक, नाव ओळखीचं वाटलं म्हणून आपला झाला. (त्याचं पूर्ण नाव मुस्तफा कैरो, हे मला विकिपीडियाने पंचविशीत सांगितलं.) तर थोडी माणसं असली की जीव लागतो, हे मला मान्यच आहे.

पण त्या रविवारी मोजता मोजता मी एकूण संख्या सोडून दिली आणि देशवार मोजायला लागलो. तिथे गोष्ट निराळी निघाली.

इंग्लंड घ्या. १९८७ मध्येच दोन: ईगल, बो-टाय लावून हातात दोन दंडुके घेणारा, आणि बर्डी, डोक्यावर केसांचा तुरा ठेवलेला पंक. १९९३ मध्ये कॅमी, दोन वेण्यांची लष्करी पोरगी. १९९७ मध्ये डडली, मिशी राखणारा, गुलाबांचा शौकीन, काळा, सभ्य मुष्टियोद्धा. ब्राझील घ्या. १९९१ मध्ये त्यांच्या वाट्याला ब्लांका आला, हिरव्या रंगाचा, अंगातून वीज सोडणारा रानटी प्राणी. आपल्यापेक्षा वाईट अपमान! पण १९९७ मध्ये शॉन आला आणि २०१६ मध्ये त्याची बहीण लॉरा. जपान आणि अमेरिकेची तर मोजदादच नको. शाळकरी मुली, सुमो पैलवान, निन्जा, जे हवं ते.

भारत: १९९१ मध्ये धालसिम. १९९९ मध्ये १९ जणांत शून्य. २०१४ मध्ये ४४ जणांत धालसिम. २०१६ मध्ये धालसिम, फक्त दाढी आणि फेटा वाढला. २०२३ मध्ये धालसिम.

आठात एक होतो, चव्वेचाळिसातही एकच. १९९६ च्या 'स्ट्रीट फायटर ईएक्स' या चुलत मालिकेत एक भारतीय पैलवान होता खरा. त्याचं नाव दारुन मिस्टर. आपल्याकडे दारुण हे नाव नसतं, अवस्था असते. मुख्य मालिकेत तो कधी आला नाही.

आता धालसिमबद्दल माझी तक्रार काय? योग करून त्याचे हातपाय रबरासारखे लांब होतात, तो तोंडातून आग सोडतो, गळ्यात कवट्यांची माळ घालतो, आणि त्याच्या मैदानात मागे हत्ती बांधलेले असतात. बायको सॅली. मुलाचं नाव मात्र दत्ता! आमच्या वाड्यात तीन दत्ता होते, एकाच्याही वडिलांच्या गळ्यात कवट्या पाहिल्याचं आठवत नाही. पण खरं सांगू? मला धालसिम आवडतो. तो शांत आहे, पैसे गावासाठी कमावतो, आणि त्याच्यासारखं लांबून खेळणारं दुसरं कोणी त्या आठांत नव्हतं. १९९१ मध्ये आठच खुर्च्या असताना जपान्यांनी एक भारताला दिली, याचं मोलही मी कमी लेखत नाही. आणि थट्टाचित्रं त्यांनी सगळ्यांचीच काढली, स्वतःचीही. माझी तक्रार एवढीच, की दुसरा आला नाही.

संख्याशास्त्रात मापं एकमेकांपासून किती फाकलेली आहेत हे काढायचं एक सूत्र असतं. त्यात खाली भागायला असतं 'एकूण मापं वजा एक'. माप एकच असेल तर खाली शून्य, आणि कॅल्क्युलेटर 'एरर' दाखवतो. म्हणजे एकाच नमुन्यावरून तुम्ही सरासरी सांगू शकता, विविधता नाही. शितावरून भाताची परीक्षा आपण करतो ती एका पातेल्यात एकच तांदूळ आहे म्हणून. ईगल, बर्डी, कॅमी, डडली हे चौघं पाहिलेला मुलगा "इंग्रज असे असतात" असं म्हणूच शकत नाही. धालसिम पाहिलेला म्हणू शकतो. त्याचा दोष नाही, त्याला दुसरं माप मिळालंच नाही.

"अरे, खेळ आहे, एवढं काय मनावर घेतोस," असं आमच्या मित्राची बायको म्हणाली. बरोबर आहे तिचं. पण मी धालसिम राहून आलोय!

पीएच.डी.साठी मी इंग्लंडच्या उत्तरेला आलो तेव्हा आमच्या गटात मी एकटाच भारतीय होतो. लोक अतिशय चांगले होते, हे आधी सांगतो. पण पहिलं दीड वर्ष योगाबद्दलचे प्रश्न मला, तिखटाबद्दलचे मला, ठरवून केलेल्या लग्नांबद्दलचे मला. मला योग येत नाही. सांगितलं, तर त्यांना तो विनय वाटायचा. मी गप्प बसलो की 'भारतीय किती शांत असतात', आणि एकदा मीटिंगमध्ये आवाज चढला तर तो 'उष्ण हवेचा परिणाम'. मी माझ्या बोलण्याचालण्यात जपायला लागलो होतो, कारण जे करीन ते एक अब्जाहून जास्त लोकांच्या खात्यावर जमा होत होतं. अशा वेळी माणूस हळूहळू स्वतःही ती माळ गळ्यात घालतो. एका ख्रिसमसच्या पार्टीत मी चक्क पद्मासन घालून दाखवलं. टाळ्या पडल्या. अजून आठवलं की कान गरम होतात.

मग दुसऱ्या वर्षाच्या मध्यावर एक तमिळ मुलगी आली. मोठ्याने हसणारी, क्रिकेटचा तिरस्कार करणारी, तिखट अजिबात न चालणारी. पहिल्याच आठवड्यात तिने कुणाला तरी सांगितलं, "तो म्हणतो ते त्याच्या गावाकडचं असेल, आमच्याकडे असं काही नसतं." मला इतका आनंद पीएच.डी. मिळाल्यावरही झाला नाही! त्या दिवसापासून प्रश्न बदलले. 'तुमच्याकडे काय करतात'च्या जागी 'तू काय करतोस' आलं. आम्ही काही शंभर झालो नव्हतो. एकाचे दोन झालो होतो, बस.

ईलिंगला आल्यावर तर हा प्रश्न उरलाच नाही. साउथॉल याच बरोमध्ये, तिथल्या स्टेशनच्या पाटीवर गुरुमुखीतही नाव आहे. इथे मी बसमध्ये भांडलो तर तो मी भांडतो. म्हणूनच बहुधा मित्राच्या मुलाला धालसिम आपला वाटत नाही. त्याला दुकानदार, डॉक्टर, बसड्रायव्हर, मवाली, सगळ्या जातीचे भारतीय रोज दिसतात. पडद्यावर बघून त्याला काही शिकायचं नाही. पण ज्या गावात एकच भारतीय कुटुंब आहे तिथल्या मुलांचं काय, आणि त्यांच्या वर्गातल्या बाकीच्यांचं?

कॅपकॉमने मला विचारलं (विचारणार नाहीत), तर मी म्हणेन, पन्नास नकोत. वीसच ठेवा, पण त्यात एक कोल्हापूरची कुस्तीगीर पोरगी असू दे, कान मोडलेली. लाल मातीची तालीम मागे काढा. हत्ती बांधायचा तर बांधा एखादा, हरकत नाही.

असो. त्या रविवारी मी धालसिमच घेतला. मित्राच्या मुलाचा तो साउथॉलचा दोस्त, स्वतः केसांचा जुडा बांधलेला, पडद्याकडे बराच वेळ निरखून बघत होता. मग म्हणाला, "पगडी अशी बांधतच नाहीत, अंकल." मी उत्तर द्यायला मान वळवली आणि तेवढ्यात कॅमी माझ्या अंगाशी आली. लांब हातांचा जवळून काही उपयोग होत नाही, हे मी सांगलीतही विसरायचो. दोन्ही राउंड हरलो.