शेजारचा सिनेमा

यंदाचा अंक आशियाई सिनेमाला वाहिलेला आहे. असा अंक काढायचा तर आधी ‘सिनेमाया’चं ऋण मान्य करायला हवं. अरुणा वासुदेव यांनी 1988 साली दिल्लीतून हे इंग्रजी त्रैमासिक सुरू केलं. विषय एकच, आशियातला सिनेमा.

तेव्हा आपल्या फिल्म सोसायट्यांत बर्गमन, फेलिनी, त्रुफो यांच्यावर रात्र रात्र वाद होत. कुरोसावा ठाऊक होते, पण तेही 1951 साली व्हेनिसने ‘राशोमान’ला सुवर्णसिंह दिला म्हणून. श्रीलंकेचे लेस्टर जेम्स पेरीस किंवा फिलिपिन्सचे लिनो ब्रोका यांचे चित्रपट पाहिलेली माणसं मोजकीच. शेजारच्या घरातली बातमी युरोपला वळसा घालून आपल्या दारात यायची.

या वळशात काय निसटतं? इराणी दिग्दर्शक किआरोस्तामींचा ‘व्हेअर इज द फ्रेंड्स होम’ घ्या, 1987चा. वर्गमित्राची वही चुकून अहमदच्या दप्तरात आलेली असते आणि गृहपाठ वहीत नसेल तर त्या मित्राला शाळेतून काढणार असतात. अहमद आईला हे पुन्हा पुन्हा सांगतो. अंगणात कपडे धुणाऱ्या आईचं मात्र एकच पालुपद : आधी अभ्यास कर, मग पाव आण. शेवटी पोरगं वही पोटाशी धरून टेकडीवरची नागमोडी वाट चढत पलीकडच्या गावाकडे पळत सुटतं. युरोपातल्या समीक्षकांना यात इटालियन नववास्तववाद दिसला. मावळातल्या माणसाला यात आपलं घर दिसेल. समीक्षेला ही दुसरी नजर हवी होती आणि आशियाने आशियाकडे थेट बघावं, हाच ‘सिनेमाया’चा ध्यास होता.

वासुदेव अभ्यासाने भक्कम होत्या. भारतीय चित्रपटांच्या सेन्सॉरशिपवरचं त्यांचं पुस्तक 1978 सालचं. संपादनात त्यांच्या सोबतीला रश्मी दोरायस्वामी होत्या आणि आपल्या लतिका पाडगांवकरही. युनेस्कोच्या सूचनेवरून ‘सिनेमाया’ने दिल्लीत परिषद भरवली आणि त्यातून 1990 साली ‘नेटपॅक’ ही आशियाई सिनेमाची संघटना जन्मली. रॉटरडॅमपासून बुसानपर्यंतच्या महोत्सवांत तिचा पुरस्कार दिला जातो. 1999मध्ये वासुदेव यांनीच ‘सिनेफॅन’ हा आशियाई चित्रपट महोत्सव सुरू केला. इकडे मुंबईत सुधीर नांदगावकरांनी ‘थर्ड आय’ हा आशियाई चित्रपट महोत्सव उभा केला. 2004च्या सुमारास ‘सिनेमाया’ आणि ‘सिनेफॅन’ दोन्ही ‘ओशियान्स’ या कलासंस्थेकडे गेले. पुढे त्रैमासिक थांबलं. सप्टेंबर 2024मध्ये वासुदेवही गेल्या.

महोत्सवाचा गाजावाजा होतो, पण चित्रपटाबद्दलचा विचार नियतकालिकातच मुरतो, असं आमचं ठाम मत आहे. आज कोरियन मालिका घराघरांत पाहिल्या जातात, इराणी चित्रपट फोनवर मिळतो. पाहणं सोपं झालं. त्या मानाने मराठीत त्यावर सवडीने, जाणतेपणाने लिहिलेलं अजून फार थोडं आहे. म्हणून या अंकातल्या लेखकांना आम्ही एकच विनंती केली होती : चित्रपटाला कुठलं पारितोषिक मिळालं ते शेवटी सांगा, त्यातली माणसं कशी जगतात ते आधी लिहा.

वाचकहो, तुमच्यापैकी कोणाच्या कपाटात किंवा एखाद्या जुन्या फिल्म सोसायटीच्या ट्रंकेत ‘सिनेमाया’चे अंक असतील. दिवाळीच्या आवराआवरीत ते रद्दीत जाऊ देऊ नका. जवळच्या ग्रंथालयाला द्या किंवा आम्हाला कळवा, आम्ही घरी येऊन घेऊन जाऊ.