दहा टक्के, वीस मीटर

एक एकर जमीन चौरस धरली, तर तिची एक बाजू साधारण 64 मीटर भरते. तिच्यातून गॅसवाहिनीसाठी 20 मीटर रुंदीचा पट्टा आरपार काढला की साडेबारा गुंठे त्या पट्ट्यात जातात, चाळीसपैकी साडेबारा. सातबाऱ्यावर मालकाचे नाव तेच राहते, पीकही तोच घेतो. मात्र त्या साडेबारा गुंठ्यांत त्याला घर बांधता येत नाही, विहीर पाडता येत नाही, शेततळे घेता येत नाही, झाड लावता येत नाही. ही बंदी कायमची. बाजारभाव एकरी 20 लाख धरला, तर पट्ट्याची किंमत सव्वासहा लाख होते. वापर हक्काचा मोबदला म्हणून कायदा शेतकऱ्याला त्यातले 10 टक्के देतो, म्हणजे साडेबासष्ट हजार रुपये, आणि तेही एकदाच.

तेल आणि गॅसच्या वाहिन्यांवरून देशात जिथे जिथे वाद पेटला, तिथे मुळाशी हाच हिशेब सापडतो. बाहेरच्या देशांत वादाचे रूप वेगळे आहे. अमेरिकेत डकोटा ॲक्सेस वाहिनीविरुद्ध 2016 मध्ये स्टँडिंग रॉकच्या आदिवासींनी पाण्यासाठी आणि पूर्वजांच्या भूमीसाठी तळ ठोकला. कीस्टोन एक्सएल वाहिनीचा परवाना बायडन यांनी जानेवारी 2021 मध्ये, पदावर आल्याच्या पहिल्याच दिवशी रद्द केला, त्यामागे हवामानाचा प्रश्न होता. भारतातल्या शेतकऱ्याची तक्रार याहून साधी आहे. गॅस नको, असे तो सहसा म्हणत नाही. माझ्याच रानातून का, आणि एवढ्याच पैशांत का, हे त्याचे दोन प्रश्न आहेत. दोन्ही रास्त आहेत.

ज्या कायद्याने हे 10 टक्के ठरवले तो आहे 1962 चा. पेट्रोलियम आणि खनिज वाहिन्यांसाठी जमिनीचा वापर हक्क संपादन करण्याचा हा कायदा. आसामातल्या नहरकटियापासून बिहारमधल्या बरौनीपर्यंत कच्च्या तेलाची 1,157 किलोमीटरची वाहिनी टाकली जात होती, गुजरातेत अंकलेश्वरला तेल सापडले होते. मैलोन् मैल लांब आणि जेमतेम काही मीटर रुंद पट्टीसाठी जमीन कायमची काढून घेणे सरकारलाही महाग पडले असते आणि शेतकऱ्यालाही. म्हणून मधला मार्ग निघाला: मालकी शेतकऱ्याची, वापराचा हक्क वाहिनीचा. त्या काळाच्या मानाने ही कल्पना शहाणपणाची होती आणि आजही तिचा गाभा योग्य आहे.

कायद्यात शेतकऱ्याच्या बाजूची काही कलमे आहेत. राहत्या घराखालून, घराला लागून असलेल्या जागेखालून किंवा पक्क्या बांधकामाखालून वाहिनी नेता येत नाही. पाइप जमिनीच्या पृष्ठभागापासून किमान एक मीटर खाली हवा. खोदकामात पिकाचे, झाडांचे जे नुकसान होईल त्याची भरपाई वेगळी द्यावी लागते. अधिसूचना राजपत्रात आली की हरकतीसाठी 21 दिवस मिळतात, आणि रक्कम मान्य नसेल तर जिल्हा न्यायाधीशांकडे जाता येते. कागदावर हे ठीक दिसते. पण राजपत्र किती गावांत वाचले जाते? अनेकांना अधिसूचनेचा पत्ता लागतो तो मोजणीवाले बांधावर उभे राहिल्यावर.

त्या 10 टक्क्यांमागचा हिशेब 1962 सालच्या शेतीचा आहे. रान जिरायती, वर ज्वारी-बाजरी, हातभर मुळांची पिके. एक मीटर खालच्या पाइपाचा त्या पिकाला खरोखरच फारसा अडथळा नव्हता. आज त्याच जमिनीत द्राक्षाचे मांडव आहेत, डाळिंब आहे, कोकणात आंबा-काजू आहे. राज्य सरकार शेततळ्याला अनुदान देते, आणि वाहिनीच्या पट्ट्यात तेच शेततळे कायद्याने वर्ज्य आहे. गावाजवळच्या जमिनीला बिनशेती होण्याची आशा असते. सातबाऱ्याच्या ‘इतर अधिकार’ रकान्यात वापर हक्काची नोंद चढली की घेणारा पहिल्यांदा तोच रकाना वाचतो आणि भाव पाडतो. पट्टा शेताच्या मधून गेला तर दोन्ही अंगांना उरलेले तुकडेही अडचणीचे होतात. त्या तुकड्यांना मोबदला नाही.

काम प्रत्यक्ष कसे होते तेही पाहण्यासारखे आहे. आधी आखणी, मग पोकलेन. नियमाप्रमाणे वरची सुपीक माती एका बाजूला आणि खालचा मुरूम दुसऱ्या बाजूला ठेवायचा, पाइप सोडल्यावर आधी मुरूम आणि वर माती भरायची. चराच्या कडेला पाइपांची ओळ लागते, सांधे जोडले जातात, प्रत्येक सांध्याची तपासणी होते, आवरणाला कुठे सुईएवढे छिद्र राहिले आहे का हे विजेच्या यंत्राने तपासतात. मग पाइप खाली उतरतो, पाणी भरून दाबाची चाचणी होते. पाइपावर सगळी काळजी घेतली जाते, मातीवर मात्र घाई होते. ठेकेदाराला पावसाच्या आत चर बुजवायचा असतो. मुरूम वर आणि काळी माती खाली गेली की त्या पट्ट्यात पुढची काही वर्षे पीक खुरटलेले दिसते. भरपाईचा पंचनामा मात्र उभ्या पिकाचा झालेला असतो, बिघडलेल्या मातीचा होत नाही.

आता याच शेतावरून विजेच्या तारा गेल्या तर काय मिळते ते पाहा. केंद्रीय ऊर्जा मंत्रालयाने 2015 मध्ये मार्गदर्शक सूचना काढल्या. त्यात मनोऱ्याच्या पायाखालच्या जमिनीला किमतीच्या 85 टक्के आणि तारांखालच्या पट्ट्याला कमाल 15 टक्के मोबदला सुचवला होता. जून 2024 मध्ये हे आकडे पायासाठी 200 टक्के आणि पट्ट्यासाठी 30 टक्के झाले. तार जमिनीला स्पर्शही करत नाही, तिच्यासाठी 30 टक्के. पाइप जमीन चिरून जातो, त्याच्यासाठी 10. दोन्ही मंत्रालये एकाच सरकारची आहेत. ऊर्जा मंत्रालयाला जे पटले ते पेट्रोलियम मंत्रालयाला का पटू नये, याचे समाधानकारक उत्तर मिळत नाही.

न्यायालयातून दिलासा मिळेल ही आशाही फार ताणता येत नाही. गुजरातच्या शेतकऱ्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2016 मध्ये हा कायदा आणि त्यातला मोबदला वैध ठरवला. मात्र त्याच निकालात न्यायालयाने बजावले की, मोबदला ठरवणाऱ्या सक्षम प्राधिकाऱ्याच्या जागी न्यायदानाचा अनुभव असलेली किंवा कायद्याची जाण असलेली व्यक्ती हवी. रक्कम वैध असणे आणि ती न्याय्य असणे यांतले अंतर भरून काढण्याचे काम संसदेचे आहे.

दुसरा प्रश्न मार्गाचा. या बाबतीत तामिळनाडूच्या शेतकऱ्यांचे ऋण देशाने मानायला हवे. गेल या सरकारी गॅस कंपनीच्या कोचीहून बंगळूरला जाणाऱ्या वाहिनीचा सुमारे 310 किलोमीटरचा टप्पा कोइम्बतूर, तिरुप्पूर, इरोड, नामक्कल, सेलम, धर्मपुरी आणि कृष्णगिरी या सात जिल्ह्यांतून जायचा होता. हा नारळाच्या बागांचा आणि हळदीचा मुलूख. नारळाचे झाड एकदा तोडले आणि तिथे पुन्हा लावायला बंदी असली, तर त्या पट्ट्यातली बागायत संपली. शेतकऱ्यांचे म्हणणे एवढेच होते की, वाहिनी राष्ट्रीय महामार्गाच्या कडेने न्या. जयललितांच्या सरकारने 2013 मध्ये तीच भूमिका घेऊन काम थांबवायला सांगितले. मद्रास उच्च न्यायालयाने तो आदेश त्याच वर्षी रद्द केला, आणि फेब्रुवारी 2016 मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही कंपनीच्या बाजूने निकाल दिला. वाहिनीचा कायदा केंद्राचा, राज्याला त्यात अडकाठी करता येत नाही, असा त्याचा अर्थ झाला.

कंपनीच्या बाजूचे मुद्देही पोकळ नव्हते. महामार्गाच्या कडेला वस्ती दाट असते, दुकाने असतात, रस्ता पुढेमागे रुंद होतो आणि प्रत्येक रुंदीकरणात पाइप हलवावा लागण्याची भीती राहते. दाबाखालचा गॅस माणसांच्या गर्दीपासून दूर न्यावा हे म्हणणे तांत्रिकदृष्ट्या बरोबर आहे. पण ‘रस्त्याकडेने अशक्य’ हे सरसकट उत्तर महाराष्ट्रात मोडले गेले.

मुंबई–नागपूर–झारसुगुडा या गेलच्याच वाहिनीचा मुंबई–नागपूर टप्पा समृद्धी महामार्गाच्या हद्दीतून गेला आहे. सुमारे 675 किलोमीटर पाइप महामार्गाच्या बाजूच्या सेवापट्ट्यात टाकला गेला, आणि या पट्ट्याची रुंदी जेमतेम 3 मीटर. शेतात 20 मीटरचा पट्टा लागतो आणि रस्त्याकडेला 3 मीटरमध्ये काम होते, हे एकाच कंपनीने आणि एकाच देशात करून दाखवले. याचा नीट अभ्यास होऊन त्यातले धडे प्रत्येक राज्याला कळायला हवेत. अर्थात समृद्धी नवा कोरा रस्ता होता, दोन्ही बाजूंनी कुंपण, मध्ये कुणाचे दुकान नाही. जुन्या महामार्गावर हे इतके सोपे होणार नाही. शिवाय समृद्धीची जमीनही शेतकऱ्यांचीच होती. फरक इतकाच की त्यांना वापर हक्काचे 10 टक्के मिळाले नाहीत, जमिनीच्या दराच्या कित्येक पट रक्कम मिळाली. म्हणून या उदाहरणाचा उपयोग नव्या महामार्गांसाठी जमीन मागण्याचे निमित्त म्हणून होता कामा नये. शक्तिपीठ महामार्गाला कोल्हापूर भागात होणारा विरोध ताजा आहे. जे रस्ते आहेत किंवा बांधले जात आहेत, त्यांच्या आराखड्यात वाहिनीसाठी पट्टा आधीच राखला जावा, एवढेच मागणे आहे.

केरळचा अनुभव वेगळा. कोची–मंगळूर वाहिनी सुमारे 450 किलोमीटरची. तिथे जमीन तुकड्या-तुकड्यांची, घरे एकमेकांपासून हाकेच्या अंतरावर, आणि पाच-दहा सेंटवर आयुष्य उभारलेली माणसे. दहा सेंट म्हणजे आपले चार गुंठे. चार गुंठ्यांतून 20 मीटरचा पट्टा गेला तर काय उरणार? नोव्हेंबर 2017 मध्ये कोझिकोडजवळ मुक्कम भागात आंदोलन चिघळले, पोलिसांचा लाठीमार झाला. त्यानंतर राज्य सरकारने जमिनीचा मोबदला दुप्पट केला, दहा सेंट किंवा त्याहून कमी जमीन असलेल्यांना 5 लाखांचे सानुग्रह साहाय्य दिले आणि त्यांच्यापुरती पट्ट्याची रुंदी कमी केली. वाहिनी पूर्ण झाली, जानेवारी 2021 मध्ये तिचे उद्घाटन झाले. म्हणजे 10 टक्क्यांच्या वर जाता येते, रुंदी कमी करता येते आणि तरीही प्रकल्प बुडत नाही. हे शहाणपण लाठ्या चालण्याआधी सुचायला हवे होते.

पैसा आणि मार्ग यांच्या पलीकडे एक तिसरी गोष्ट आहे, आणि ती सर्वांत गंभीर. 27 जून 2014 च्या पहाटे आंध्र प्रदेशातल्या पूर्व गोदावरी जिल्ह्यातल्या नगरम गावात गेलच्या 18 इंची वाहिनीचा स्फोट झाला. वीसहून अधिक माणसे गेली. घरे आणि नारळाची झाडे उभ्या उभ्या जळाली. वाहिनी कोरड्या गॅससाठी होती आणि तिच्यातून पाण्याचा अंश असलेला गॅस जात होता. त्याने पाइप आतून गंजला, हे चौकशीत पुढे आले. गॅसच्या वासाच्या तक्रारी गावकऱ्यांनी आधीपासून केल्या होत्या. त्या तक्रारींचे काय झाले हा प्रश्न प्रत्येक वाहिनीवरच्या प्रत्येक गावाचा आहे.

गॅसवाहिनी मुळात असुरक्षित नसते. गॅसने भरलेले टँकर घाटातून नेण्यापेक्षा जमिनीखालचा पाइप कितीतरी बरा, आणि गंज रोखायला विद्युत संरक्षण असते, पाइपाच्या आतून यंत्र फिरवून भिंतीची जाडीही मोजता येते. प्रश्न आहे तो ही मोजमापे गावाला कधी दिसतच नाहीत याचा. पिवळ्या खांबावरचा दूरध्वनी क्रमांक एवढीच गावाची माहिती.

दाभोळ–बंगळूर वाहिनी 2013 पासून रत्नागिरी, कोल्हापूर, बेळगाव भागातून जाते. अशा वाहिन्यांवरच्या गावांत एक प्रश्न हमखास येतो: गॅस आमच्या रानातून जातो, मग आमच्या चुलीला का नाही? तांत्रिक उत्तर असे की मुख्य वाहिनीत गॅस प्रचंड दाबाखाली असतो, वातावरणाच्या दाबाच्या नव्वद पटींपर्यंत, आणि घरातल्या शेगडीला लागतो त्याच्या काही हजारावा भाग. मध्ये दाब उतरवणारे केंद्र, वितरणाचे जाळे आणि परवाना असलेली कंपनी लागते. हे उत्तर खरे आहे. तरी ज्या तालुक्यांनी जमीन दिली त्यांना वितरणाच्या जाळ्यात अग्रक्रम देण्याची अट परवान्यात घालायला काहीच हरकत नाही.

गॅस हेही शेवटी जीवाश्म इंधनच. देशाच्या ऊर्जेत त्याचा वाटा सुमारे 6 टक्के आहे, तो 2030 पर्यंत 15 टक्क्यांवर नेण्याचे उद्दिष्ट आहे, आणि लागणाऱ्या गॅसपैकी जवळपास निम्मा आयात होतो. 2070 पर्यंत निव्वळ शून्य उत्सर्जनाचे वचन दिलेल्या देशाने आज टाकलेल्या पाइपाचे चाळीस वर्षांनी काय करायचे, हा प्रश्न उरतोच. त्याचा एक पदर थेट शेताशी जोडलेला आहे. वाहिनी कायमची बंद झाली, तर सातबाऱ्यावरची नोंद कोण काढणार, आणि जमिनीतला पाइप कोण आणि कुणाच्या खर्चाने काढणार? नव्या अधिसूचनेत याचे उत्तर लेखी असले पाहिजे.

तोपर्यंत ज्या गावात वाहिनीची अधिसूचना येईल, तिथल्या ग्रामपंचायतीने त्या 21 दिवसांत एकत्र बसून गटनिहाय नकाशा मागावा. रस्त्याकडेचा पर्याय तपासला होता का आणि का नाकारला, हे लेखी विचारावे. पाइपाची जाडी किती, सर्वांत जवळचा व्हॉल्व्ह किती किलोमीटरवर, गळती झाली तर तो किती मिनिटांत बंद होतो, हे विचारावे. माती थराथराने भरली जाते का, हे पाहायला गावची दोन माणसे चरावर ठेवावीत आणि छायाचित्रे काढून ठेवावीत. आणि आपल्या खासदाराला कायद्यातल्या त्या 10 टक्क्यांबद्दल पत्र लिहावे, कारण तो आकडा बदलण्याचा अधिकार संसदेचाच आहे.